मेहुण्यांच्या पिक्चरचा शेवट

दुःखावर आमच्या मेहुण्यांइतकं जिवापाड प्रेम करणारा माणूस शहापूर-मुरबाड पट्ट्यात दुसरा सापडायचा नाही. हे माझ्या बायकोचे थोरले भाऊ. नोकरी भातसानगरला, मुंबईला पाणी पुरवणाऱ्या धरणावर. "मी ड्युटीवर नसलो तर मुंबईची आंघोळ होत नाय," असं पाहुण्यांना सांगतात आणि त्याच दमात, "पण जगात सुख नाय." विनोदी पिक्चर लागला की टीव्हीकडे पाठ करून बसतात. पुतणीच्या पाठवणीत सगळे डोळे पुसत होते, तर हे नवरीला म्हणाले, "रडणं वरवरचं झालं गो, परत एकदा होऊन जाऊ दे."

अशा माणसाने शॉर्ट फिल्म काढली, तर ती हसरी कुठून असणार? कुठल्याशा जुन्या मासिकातली एक कथा त्यांनी जपून ठेवली होती. लपाछपीत एक पोर भात साठवायच्या उंच कणगीत लपते, बाकीची मुलं कंटाळून घरी जातात आणि तिला शोधायला कोणीच येत नाही. संपली कथा! "हाच शेवट पायजे," मेहुण्यांनी बजावलं. मात्र कथेत फाटक्या फ्रॉकात असलेल्या त्या पोरीसाठी म्हसा गावच्या जत्रेतून स्वतःच नवा फ्रॉक घेऊन आले. "फाटका घालायला मन होत नाय, दाजी."

शूटिंग आमच्याच घरात, मोबाइलवर. शेजारची चुणचुणीत पोर रिकाम्या कणगीत उतरली आणि आतून तिने हाक मारली, "कोन हाय का गो?" यानंतर हवी होती भयाण शांतता. पण आमच्याकडे पोराने हाक मारली की ज्याच्या कानी पडेल त्याने ओ द्यायची, मग पोर कोणाचं का असेना. बघ्यांतली एक म्हातारी तरातरा कॅमेऱ्यासमोर आली. "आले गो बाय, आले!" तिला समजावून बसवलं, तर पुढच्या वेळी दुसरी उठली. "पोर हाका मारते नि तुमी फोटो कसले काढता रे?"

शेवटी मेहुण्यांनी सगळ्यांना अंगणात हाकललं आणि दार लावून घेतलं. आत आम्ही दोघं आणि कणगीतली पोर. या खेपेला ती अशी काही रडली की मीच एक पाऊल पुढे टाकलं. तर हातातला मोबाइल माझ्या अंगावर टाकून मेहुणे कणगीकडे धावलेही. "आलो गो बाय, आलो! मामा आला!"

"मी खोटं रडत होते," पोर फुरंगटून म्हणाली. "पिक्चर बिघडवलात ना?"

मेहुणे ओटीवर जाऊन बसले. मग म्हणाले, "लहानपणी आईबाप कामाला लांब गेले, तवा मला मावशीकडं ठेवलेलं. रोज सांजंला वाटेवर जाऊन बसायचो, दाजी. न्यायला कोणीच आलं नाय."

मी त्यांच्याहून वयाने कितीतरी लहान. तेव्हा माझा जन्मही झालेला नव्हता. तरी जीव तुटला. कोणीतरी जायला हवं होतं हो त्या वाटेवर.