वजडीवरची कविता

सिंगापुरातल्या आमच्या मराठी वाचनकट्ट्यावर मी स्कॉटलंडच्या साहित्यावर बोलणार, असं जाहीर झालं तेव्हा मला तीन फोन आले. तिघींनी एकच विचारलं. स्कॉटलंडच का? फ्रान्स घे, रशिया घे. स्कॉटलंड म्हणजे शेवटी इंग्लंडच ना? मी तिघींना सांगितलं की तुम्ही या, मग बोलू. पण खरं सांगायचं तर माझं भांडण स्कॉटलंडवरून नव्हतंच. ते माझ्या आईवरून होतं आणि त्यात दोषी मीच होते.

स्कॉटलंड आमच्या घरात आलं ते नवऱ्याच्या जहाजावरून. तो मरीन इंजिनिअर, सहा-सहा महिने समुद्रावर. त्याच्या पहिल्या जहाजावरचे चीफ इंजिनिअर स्कॉटिश होते. निवृत्तीनंतर ते मायदेशी गेले नाहीत. मलय बायकोबरोबर इथेच सेम्बावांगला राहिले, आमच्यापासून दोन ब्लॉक सोडून. नवरा त्यांना अजून चीफ म्हणतो, म्हणून मीही म्हणते आणि आमची बारा वर्षांची मुलगीही म्हणते. त्यांच्या हॉलमध्ये टीव्हीच्या जागी पुस्तकांचं कपाट आहे. नवरा बाहेर असताना मी कंटाळून जाते हे त्यांना कळलं आणि त्यांनी मला कामाला लावलं.

हो, कामालाच. इंजिन रूममध्ये एकाची पाळी संपून दुसरा येतो, तेव्हा जाणारा येणाऱ्याला सांगतो की कोणता पंप गरम होतोय, कुठे गळतंय, कशावर लक्ष ठेवायचं. चीफ पुस्तकं तशी हातात द्यायचे. या प्रकरणात शिव्या आहेत, घाबरू नकोस. हे शंभर पानांनंतर थंड पडतं, सोडू नकोस. पुस्तक परत करताना मला तसाच जबाब द्यावा लागे. आंग मो किओच्या ऑफिसात मी दिवसभर दुसऱ्यांच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधायची, आणि परतीच्या ट्रेनमध्ये चीफच्या परीक्षेचा अभ्यास करायची.

त्यांनी सुरुवात जुन्यापासून केली. आधी पोवाड्यांसारखी लांबलचक गाणी. खून, पळून गेलेल्या मुली, बुडालेली जहाजं. ही गाणी बायकांनी पिढ्यानपिढ्या तोंडात जपली. शिकलेल्या पुरुषांनी ती लिहून घेतली आणि पुस्तकावर नावं त्यांची लागली. मग नांगर धरलेल्या हातांनी लिहिणारा एक कवी. राजधानीतल्या मोठ्या लोकांनी त्याला घरी बोलावलं, डोक्यावर घेतलं आणि वर सल्लाही दिला की बाबा, आता जरा सभ्य इंग्रजीत लिही. त्याच काळात तिथले विद्वान आपल्याच गावाकडच्या शब्दांच्या याद्या छापत होते. कशासाठी? तर हे शब्द चारचौघांत चुकूनही तोंडातून निघू नयेत म्हणून. हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटलं आणि दोन दिवस हातात घेतलं नाही.

कारण तशी एक यादी माझ्याकडेही होती. छापलेली नव्हती, एवढंच.

मी सोलापूरची. वडील यंत्रमागावर, आम्ही चार भावंडं दोन खोल्यांत. मटण सणासुदीला. एरवी रविवारी वजडी, म्हणजे बकऱ्याचं पोट आणि आतडी. आई ती गरम पाण्यात चुना घालून घासघासून पांढरी करायची आणि काळ्या मसाल्यात शिजवायची. त्या रविवारांइतकं मी नंतर कधी जेवले नाही. इंजिनिअरिंगला पुण्यात गेले आणि पहिल्याच वर्षी माझी भाषा बदलली. कुणी सांगितलं नव्हतं. हसणाऱ्यांचे चेहरे बघून मीच शिकले. सिंगापुरात आल्यावर कट्ट्यावर कुणीतरी विचारलं, तुम्ही पुण्याच्या का? मी हो म्हणून टाकलं. अकरा वर्षं ते हो तसंच राहिलं.

चार वर्षांपूर्वी आई दोन महिने राहायला आली होती. तिला कट्ट्यावर न्यायचं होतं, कारण घरी ती एकटी पडायची. लिफ्टमधून उतरताना मी तिला म्हटलं, "आई, तिथं जास्त बोलू नकोस हं."

तिने का म्हणून विचारलं नाही. पदर सारखा केला आणि मान हलवली. क्लेमेंटीच्या त्या हॉलमध्ये ती दोन तास हात मांडीवर ठेवून बसली. कुणी काही विचारलं की फक्त हसायची. घरी निघताना एकजण म्हणाली, तुझ्या आई किती शांत आहेत गं. माझी आई शांत! गल्लीच्या नळावर तिच्यापुढे कुणाची टाप नसायची. त्यानंतर मी तिकिटाचं विचारलं की ती गुडघ्याचं कारण सांगते. तिचे गुडघे ठणठणीत आहेत.

हे मी कुणालाही सांगितलं नव्हतं, नवऱ्यालाही नाही. मग यंदा जानेवारीत चीफ मला त्यांच्या लोकांच्या वार्षिक जेवणाला घेऊन गेले. त्याच नांगरवाल्या कवीच्या नावाने जगभरचे स्कॉटिश लोक दर हिवाळ्यात असं जेवण करतात. सिंगापुरात हिवाळा कुठला, पण एसी इतका होता की मी शाल घेतली. सगळे पुरुष चौकटीच्या घागऱ्यांत, कुणी बँकेतले, कुणी जहाज कंपनीतले. दार उघडलं, बॅगपाइपवाला वाजवत आत आला आणि त्याच्या मागून एका ताटातून पदार्थ आला. सगळे उभे राहिले. ताटाला मान म्हणून. एक म्हातारे गृहस्थ त्या पदार्थासमोर उभे राहिले आणि त्यालाच उद्देशून कविता म्हणू लागले, अस्सल गावरान स्कॉटिश भाषेत, हातवारे करत. कविता रंगात आल्यावर त्यांनी सुरी उचलली आणि पदार्थ मधोमध कापला. वाफ आली.

तो वास मला कळला. मेंढीचं काळीज, फुप्फुस, ओट्स, सगळं तिच्याच पोटात भरून शिजवलेलं. वजडीच! गरिबाघरची, टाकून द्यायच्या भागांची वजडी, आणि सूटबूट घालणारी माणसं तिच्यासाठी उभी होती. मला रडू आलं. चीफना वाटलं मला वासाने मळमळतंय, त्यांनी घाईने पाणी पुढे केलं. मी म्हटलं, चीफ, मला आणखी वाढा.

कट्ट्याचा वार्षिक कार्यक्रम मार्चमध्ये होता. पद्धत अशी की प्रत्येकाने एका देशाच्या साहित्यावर बोलायचं आणि तिथला एक पदार्थ आणायचा. मी संयोजक ताईंना कळवलं की मी वजडी आणणार आहे. ताईंचा लगेच फोन आला. त्या पुण्याच्या. माणूस वाईट नाही, कट्टा त्यांच्याच जिवावर चालतो.

"अगं, स्कॉटलंडचं ते लोण्याचं बिस्किट, शॉर्टब्रेड, फेमस आहे ना? ते आण की. मुलांनाही आवडेल."

"ताई, दिवाळीला आपण मटण केलंच होतं."

"मटण वेगळं. हे म्हणजे… तू समजून घे ना. सगळ्यांना नाही चालणार."

"नाही चालणार त्यांनी शॉर्टब्रेड खावं. तेही आणते. पण वजडी येणार. नसेल चालत तर माझं नाव काढून टाका."

ताई म्हणाल्या, "बरं बाई. पण दहाच मिनिटं घे. आणि मुलं असतात, भाषा जरा सांभाळ."

भाषा सांभाळ. फोन ठेवला आणि मी हसले. बाई गं, अकरा वर्षं दुसरं केलंय काय मी?

त्याच संध्याकाळी आईला फोन लावला. वजडी साफ कशी करायची ते विचारलं. तिला आधी पटेना.

"तिथं कोन खातंय गं वजडी?"

मी तिला त्या जेवणाचं सांगितलं. ताट आलं, लोक उठले, म्हाताऱ्याने कविता म्हटली. ती खदखदून हसली. "साहेब लोकं वजडीला गानं म्हनत्यात?" तिने पुन्हा पुन्हा विचारलं. मग मी मुद्द्यावर आले. म्हटलं, आई, आमच्या कार्यक्रमात ताटापुढं कुणीतरी बोलायला लागतंय. तू बोल. व्हिडिओ कॉल लावते.

हसू थांबलं.

"मी न्हाई बाई. तितं बोलायचं न्हाई म्हनली व्हतीस की तू."

म्हणजे तिला ते शब्दन् शब्द आठवत होतं. मी सॉरी म्हटलं. आमच्याकडे आईला सॉरी म्हणत नाहीत, तो शब्द माझ्याच कानाला खोटा वाटला. म्हटलं, चुकलं माझं. लई चुकलं. ती म्हणाली, "बगू," आणि चुना किती घालायचा ते सांगू लागली.

शनिवारी सकाळी टेक्काच्या बाजारातून वजडी आणली आणि दुपारपर्यंत घासली. मुलगी नाक दाबून दारात उभी होती. "आई, धिस इज सो स्टिंकी लाह." पण उभी होती. शिजायला लागल्यावर नाकावरचा हात गेला आणि तिने चमचा मागितला.

पाच वाजता क्लेमेंटीच्या हॉलमध्ये चाळीसएक माणसं होती. चीफ आणि त्यांची बायको शेवटच्या रांगेत. दोघांनाही मराठीचं अक्षर कळत नाही, पण चीफनी घागरा नेसला होता. मी बोलले. गाणी जपणाऱ्या बायकांवर बोलले, नांगरवाल्यावर, शब्दांच्या याद्यांवर. किल्ले आणि तलवारींच्या जाड कादंबऱ्यांवर, ज्या साऱ्या युरोपने वाचल्या. बेटांवरच्या भाषेत लिहिणाऱ्यांवर, ज्यांचे वाचक बोटींनी परदेशी निघून गेले. आणि आत्ताच्या लेखकांवर, जे शहरातल्या इमारतींतल्या गरिबांची बोली शिव्यांसकट छापतात आणि वर्तमानपत्रांतून बोलणी खातात. म्हटलं, पाचशे वर्षं त्या लोकांना कुणी ना कुणी सांगतंय की नीट बोला. आणि पाचशे वर्षं त्यांच्यातला कुणी ना कुणी ऐकत नाहीये. मग मी म्हटलं की मी पुण्याची नाही. मी सोलापूरच्या यंत्रमाग कामगाराची पोरगी आहे आणि या भांड्यात वजडी आहे.

दोन कुटुंबं उठून मागे चहाकडे गेली. जाऊ देत. ताई घड्याळाकडे बघत होत्या.

मी भांडं उचलून मधल्या टेबलाकडे निघाले. तेवढ्यात मागून खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. चीफ उभे राहिले होते. ताठ, हात बाजूला. त्यांना मराठी कळत नव्हतं, पण ताट आलं की उठायचं हे कळत होतं. त्यांची बायको उठली. त्यांना बघून पोरं उठली, पोरांना मजाच वाटत होती. मग पोरांचे आईबाप उठले. शेवटी ताई एकट्याच बसल्या होत्या. साडी सावरत त्याही उठल्या.

मुलीने फोन लावून भांड्यासमोर धरला. सोलापुरात अडीच वाजून गेले होते. आईने लग्नाला नेसायची हिरवी साडी नेसली होती, केस चापून बसवले होते. म्हणजे तिने ठरवलं होतं. तिने आधी भांड्यात डोकावल्यासारखं केलं.

"नीट धुतलीस का?"

हॉलमध्ये हशा पिकला. मुलीने फोन फिरवून तिला सगळे दाखवले. आई एकेक चेहरा बघत राहिली आणि तिचं तोंड उतरलं.

"समदी हुबी का ऱ्हायलीत गं? कोन गेलं काय?"

"कोण नाही गेलं, आई. तुझ्यासाठी उभी आहेत."

ती फोनच्या आणखी जवळ आली. माझी दहा मिनिटं केव्हाच संपली होती. मग तिने पदर सारखा केला, अगदी त्या दिवशी लिफ्टमध्ये केला होता तसा, आणि माझ्याकडे बघून हळूच विचारलं,

"मंग बोलू व्हय मी?"

"बोल आई," मी म्हटलं. "पायजे तेवडं बोल."