डोक्यावरची माती

हे मी कधी कुणाजवळ बोललेले नाही. नवरा जिवंत असता तर त्याच्याजवळही बोलले नसते. मी सुईण आहे; लोकांच्या घरातल्या गोष्टी पोटात ठेवणं हा माझ्या कामाचाच भाग. मग त्यात स्वतःची एक ठेवली — काय मोठं झालं? बरीच वर्षं मी स्वतःला असं समजावत आले. आता ते जमत नाही.

आधी जागा समजावते. खरं तर जागेपासून सुरुवात करते आहे म्हणजे मुख्य गोष्ट लांबवते आहे, हे मला कळतं. तरी जागा कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

सोलापुरातून अक्कलकोटकडे निघालं की तेव्हा शहर संपताच माळ लागे. धनगरांची मेंढरं पिढ्यान्‌पिढ्या तिथं चरत. पुढं शहरात माग वाढले, विणकरांना राहायला जागा पुरेना, तेव्हा म्युनिसिपालिटीनं माळाचा शहराकडचा तुकडा ताब्यात घेतला, हद्दीचे दगड रोवले आणि नवी पेठ वसवायला सांगितलं. पेठेचा पुढारी नरसय्या. तेलुगू विणकर, बोलायला गोड, हात सुताच्या रंगानं कायम निळे. माळावर बिरप्पाचा शब्द चाले. म्हातारा धनगर, खांद्यावर घोंगडं, बोलणं कमी. दोघांच्या मधे एक विहीर. एकाला सूत रंगवायला पाणी हवं, दुसऱ्याला मेंढरांना.

एका सकाळी विहिरीजवळचा हद्दीचा दगड जाग्यावर नव्हता. खड्डासुद्धा बुजवलेला. कुणी उपटला? दोन्हीकडचे एकमेकांकडे बोट दाखवत. दगड विहिरीच्या शहराकडच्या अंगाला होता, म्हणजे विहीर आमची, असं धनगर म्हणत. तो माळाकडच्या अंगाला होता, असं पेठवाले. मग काठ्या निघाल्या. दोन्हीकडची फुटलेली डोकी मीच बांधली. मामलेदारांनी दोघा पुढाऱ्यांना बोलावून सुनावलं — नकाशात ही विहीर दाखवलेलीच नाही, पुन्हा मोजणी कधी होईल सांगता येत नाही, तुम्ही आपसात रेघ ठरवा, मी तिथं दगड घालतो. नाहीतर विहीर बुजवून टाकतो.

अशा वेळची आपल्याकडे एक जुनी रीत आहे. दोघांनाही मान्य असलेल्या माणसानं कपाळाला भंडारा लावायचा, त्याच जागेच्या मातीचं ढेकूळ डोक्यावर घ्यायचं आणि मुकाट चालायचं. तो चालेल ती हद्द. खोटं चालणाऱ्याचे डोळे जातात, नाहीतर तो पुढची दिवाळी बघत नाही, असं मानतात.

माझं नाव निघालं, कारण दोन्हीकडची पोरं माझ्या हातावर जन्मलेली. एक जण कुरकुरला की बाईमाणूस कसं चालेल. बिरप्पा त्याला म्हणाला, "तू जलमलास तवा तुला पयल्यांदा कुनी धरला रं? तवा चाललं की बाईमानूस." सगळे हसले. नरसय्याही हसला. म्हणाला, "बाई चालू देत. आमाला बाईंवर भरोसा हाय." आणि माझ्याकडे बघितलं.

त्या बघण्याचा अर्थ मला ठाऊक होता. त्यानं मला पेठेत घरासाठी जागा देऊ केली होती. विहिरीला लागूनच. मी तेव्हा शहरात सात रस्त्याच्या चौकाजवळ एका खोलीत भाड्यानं राहत होते. बाळंतपण करून आले की घरमालकीण मला उंबऱ्याबाहेर उभी करून अंगावर पाणी ओतायला लावी. थंडीत असो, तापात असो. हे मी सबब म्हणून सांगत नाही. मनात काय चाललं होतं ते सांगते आहे. हद्द विहिरीच्या शहराकडून गेली की माझी जागा गेली.

आणि हद्द तिथूनच जात होती. मला वाटत होतं, असं नाही. मला माहीत होतं.

दगड रोवल्यानंतर महिन्याभरात बिरप्पाच्या सुनेला, यल्लव्वाला, मेंढरं राखताना माळावरच कळा सुरू झाल्या. मी पोचले तेव्हा ती त्याच दगडाला पाठ लावून बसली होती. मुलगा झाला. बाळामागून पडलेली वार पुरावी लागतेच; यल्लव्वाला घरी उचलून नेण्याआधीच उरकू म्हणून मी ती तिथंच पुरली. मडक्यात घालून, वर हळद टाकून, दगडाच्या बुडाशी. ती जागा विहिरीच्या शहराकडच्या अंगाला. दगड उपटणाऱ्याला त्या मडक्याची खबर नव्हती. ती होती फक्त यल्लव्वाला आणि मला.

हे तेव्हाच सांगितलं असतं, दोन हात उकरून दाखवलं असतं, तर माती डोक्यावर घ्यायची वेळच आली नसती. मग का नाही सांगितलं? जागेसाठी. आणि तोवर मला वाटत होतं की माझ्याऐवजी दुसरं कुणी चालेल.

मी चालले. लिंबाच्या झाडापासून कोरड्या ओढ्यापर्यंत. मानेवर माती ओघळत होती. एका बाजूला पेठवाले, दुसऱ्या बाजूला धनगर, आणि बायकांच्या घोळक्यात पोराला घेऊन यल्लव्वा. शपथ लागायला मला मूल नव्हतं, नवरा नव्हता — विहिरीकडे जाताना हाच विचार करत होते. मग विहिरीला वळसा घातला आणि माळाकडून पुढं गेले. विहीर पेठेला मिळाली. यल्लव्वा काही बोलली नाही. सासऱ्यासमोर सून बोलत नाही. मीही तेच धरून चालले होते.

त्यानंतरचे महिने कसे काढले? एखाद्या पहाटे डोळ्यांसमोर धूसर दिसलं की आधी दिव्याची काजळी पुसायची, मग डोळे. ताप आला तर अंगावर काढायचा, पण कुणाला कळू द्यायचं नाही. मी अंथरूण धरलं असतं तर साऱ्या माळानं त्यात खोट्या चालीची शिक्षा बघितली असती. एका बाळंतपणात तर माझंच अंग फणफणलं होतं, आणि बाळंतिणीची आई म्हणाली, बाईंचा हात किती उबदार आहे. विहिरीवर नवा दगड बसला. धनगर मेंढरं पार पलीकडच्या ओढ्यावर नेऊ लागले. त्या लांबच्या वाटेत कोकरं दमून मरायची, असं कानावर येई.

मी ज्या दवाखान्यात काम शिकले तिथं अमेरिकेच्या एक डॉक्टरीणबाई होत्या. त्यांच्या आजोबांची गोष्ट त्या मोठ्या अभिमानानं सांगत. त्यांच्या सरकारला नवा मुलूख मिळाला, आजोबांनी गाड्या घेऊन तिथं जाऊन हद्दी आखल्या, भांडणं मोडली, गावाचे पहिले पुढारी झाले. मी विचारलं, तिथं आधी जे राहत होते त्यांचं काय झालं? त्या म्हणाल्या, ते पुढं निघून गेले. मी त्यांच्या हातावर पाणी घालत होते. घालत राहिले.

आता मुख्य गोष्ट. तुम्हाला वाटलं असेल ती सांगून झाली. नाही.

दिवाळी झाली. मी धडधाकट होते. आठवड्याभरानं बिरप्पा माझ्या दारात आला. पायताण बाहेर काढलं, काखेतलं नवं घोंगडं माझ्यापुढं ठेवलं.

"बाई, सुनेनं तुमच्यावर आळ घेतला," तो म्हणाला. "म्हनती, बाई खोटं चालल्या. मला बी तसंच वाटत व्हतं, खोटं कशाला बोलू. दगुड मी सोता बघितल्याला. पन दिवाळी झाली. तुमचं डोळं शाबूत हायती. मंजी मीच इसरलो. म्हातारा झालो की."

मी त्याच्यापुढं पाण्याचा तांब्या ठेवला.

"तिला वळसंगला म्हायेरी धाडली," तो म्हणाला. "तुमी माप केल्याबिगर घरात घेनार न्हाय."

त्या क्षणी मी काय काय करू शकत होते? खूप काही. कुदळ घेऊन त्याच्याबरोबर जाऊ शकत होते. घर अजून उभं नव्हतं. वीट लागलेली नव्हती. तो माणूस आपल्या डोळ्यांवरचा विश्वास माझ्या डोळ्यांसाठी टाकून देत होता, आणि मी त्याला म्हणाले, "ठीक आहे. पुन्हा असं बोलू नको म्हणावं तिला."

एवढंच. घोंगडं ठेवून घेतलं.

यल्लव्वा परत आली की नाही, मला माहीत नाही. मी विचारलं नाही. त्या उन्हाळ्यात बिरप्पानं मेंढरं घेऊन माळ सोडला. पेठ वाढली. माझं घर बांधलं तेव्हा अंगण सपाट करताना मडक्याची खापरी लागली. गड्याला मी चहाला पाठवलं आणि स्वतः माती लोटली. ती जागा आता माझ्या अंगणात आहे. तिच्यावर मी धुण्याचा दगड टाकून घेतला. रोज सकाळी त्याच विहिरीचं पाणी काढते आणि त्या दगडावर धुणं धुते. थंडीत घोंगडं अंगावर घेते. चांगलं विणलेलं आहे, अजून विरलेलं नाही.

डोळे ठीक आहेत. सुईत दोरा अजून चष्म्याशिवाय ओवते.