दगडाआडचं पाणी

अण्णांच्या कानाशी तोंड नेऊन ओरडलं तरी त्यांना निम्मंच ऐकू यायचं. उभं आयुष्य विहिरींत सुरुंग उडवण्यात गेलं होतं आणि त्या धडाक्यांनी त्यांचे दोन्ही कान नेले होते. असा माणूस विहिरीच्या तळाशी उतरून कातळावर तळहात टेकायचा, डोळे मिटायचा आणि सांगायचा, "हितं पाणी हाय. दीड हातावर." दीड हातावर पाणी लागायचंच. लोक म्हणायचे, त्यांच्यात काही दैवी आहे. अण्णांना ते आवडत नसे. "दैवी कसलं? दगूड गार लागतो, तवा त्याच्यामागं पाणी असतं. हात लावून बगा की तुमीबी."

उस्मानाबादजवळच्या बेंबळीच्या पलीकडं, आमच्या गावात ते एकटे राहायचे. बायको लवकर गेली, मुलगा सोलापूरला गिरणीत लागला. उंच, काटकुळा देह, बोटांच्या पेरांत बसलेला दगडाचा भुगा. बहिरी माणसं मोठ्यानं बोलतात म्हणतात. अण्णा अगदी हळू बोलायचे. त्यामुळं त्यांच्याशी बोलताना बाकीचे ओरडायचे आणि ते कुजबुजायचे.

आमच्या बौद्धवाड्यातली विहीर त्यांनी फोडली होती. धम्म स्वीकारल्यावर वाड्यातल्या माणसांनी गावच्या आडावर पाण्यासाठी ताटकळत उभं राहणं सोडलं आणि स्वतःची विहीर खणायला घेतली. माझे वडील, आबा, आणि आणखी दहा-बारा जण दिवसा दुसऱ्यांच्या रानात राबायचे, संध्याकाळी कुदळी घेऊन इथं. मुरूम संपून काळा पाषाण लागला आणि काम अडलं. सुरुंगाशिवाय तो फुटणार नव्हता, आणि गावातला सुरुंगवाला आमच्याकडं येईल असं कुणाला वाटत नव्हतं. अण्णा न बोलावता आले. पहार खांद्यावर, येताच आबांना म्हणाले, "किसनराव, अडलं म्हनं काम?" माझ्या वडिलांना 'राव' म्हणणारा गावातला तो पहिला माणूस. मी पाच-सहा वर्षांची असेन, पण आबांचा त्या वेळचा चेहरा मला आठवतो.

पाणी लागलं त्या दिवशी अण्णांनी माझ्या आईच्या हातचा तांब्या घेतला आणि सगळ्यांदेखत घटाघटा प्याले. आबांनी ओढ्यातलं एक लहान कासव आणून विहिरीत सोडलं, पाणी साफ राहावं म्हणून.

मग बहात्तरचा दुष्काळ आला. सगळं गाव दुष्काळी कामावर खडी फोडायला जात होतं, तिथं मिळणारी सरकारी सुकडी खाऊन दिवस काढत होतं. गावचा आड आटला. आमची विहीर मात्र कमरेइतक्या पाण्यावर टिकून राहिली. एका सकाळी गावातल्या बाया घागरी घेऊन आमच्या विहिरीपासून थोड्या लांब येऊन उभ्या राहिल्या. पुढं कुणी येईना. आमचीही कुणी बोलावीना. शेवटी आईनं पोहरा सोडला आणि पहिल्या बाईची घागर स्वतः भरली. अण्णा कट्ट्यावर बसून बघत होते. त्यांचे डोळे भरून आले होते. मला म्हणाले, "शालू, माझ्या हातनं लई हिरी झाल्या. पर कामाला आली ती ही."

दुष्काळ सरला आणि साखर कारखाना आला. सहकाराचे दिवस होते. सोसायटीतून पाण्याच्या मोटारी मिळाल्या, वीज आली, ज्वारी-करडईच्या रानात ऊस उभा राहिला. लोकांनी पक्की घरं बांधली, मुलं कॉलेजात गेली. हे मी नाकारत नाही. मी स्वतः उस्मानाबादला शिकून शेजारच्या गावात शिक्षिका झाले, त्याच दिवसांत. पण गावाच्या उत्तरेचा माळ होता, कुसळी गवताचा. तिथं काळविटांचे कळप असत, आणि माळढोक पक्षी मान ताठ करून म्हाताऱ्या माणसासारखा चालायचा. तो माळ ट्रॅक्टरनं दोन उन्हाळ्यांत नांगरून टाकला. पावसाचंही तंत्र बिघडलं. यायचा तर एका दिवसात सगळा, मग महिनाभर आभाळ कोरडं. अण्णा म्हणायचे, "गवत असलं की पाणी थांबतं, बसतं, मग आत जातं. आता नुस्तं पळतंय."

अण्णांना उसंत नव्हती. ज्याला त्याला विहीर खोल करून हवी होती. त्याच काळात त्यांना एक खोड लागली. सुरुंग उडाला, पाणी लागलं, मालकानं नारळ फोडला, की अण्णा प्रसाद न घेता निघायचे आणि आजूबाजूच्या प्रत्येक विहिरीत डोकावून यायचे. लोक हसायचे. मी एकदा विचारलं तेव्हा त्यांनी इकडं-तिकडं पाहिलं आणि म्हणाले, "नवं पानी म्हनून काय नसतंय, पोरी. ह्या हिरीतलं त्या हिरीत. म्या फकस्त वाट काडून देतो."

आमच्या विहिरीपासून दोन शेतं सोडून सोसायटीच्या चेअरमनांचा ऊस होता. त्यांनी विहीर खोल करायला अण्णांना बोलावलं. अण्णांनी दोनदा नाही म्हटलं. तिसऱ्यांदा चेअरमन म्हणाले, "तुम्ही न्हाय तर लातूरचा माणूस आणतो. काम काय थांबत न्हाय." त्या संध्याकाळी अण्णा आमच्याकडं आले. आबांना म्हणाले, "किसनराव, दुसरा आला तर कुटंबी सुरुंगाचा तोटा ठोकंल. म्या केलं तर तुमचा झरा सोडून, पल्याडच्या अंगाला लावीन." आबा म्हणाले, "तुमाला ठीक वाटंल ते करा, अण्णा."

मी सुट्टीसाठी घरी आले होते. दुपारी धडाका झाला, घरातली भांडी वाजली. चेअरमनांच्या विहिरीला उसळून पाणी लागलं. गुलाल उधळला, गूळ वाटला. तासाभरात अण्णा आमच्या विहिरीवर आले, गुलाल तसाच कपाळावर. आत वाकून बघत राहिले. मीही बघितलं. पाणी होतं तिथंच आहे असं वाटलं. पण ओल्या दगडाची एक काळी रेघ पाण्याच्या वर दिसत होती, बोटभर. "सकाळी होती का ही?" त्यांनी विचारलं. मी मान हलवली. नव्हती.

तिसऱ्या दिवशी ती रेघ हातभर झाली. आठव्या दिवशी तळाचा गाळ उघडा पडला आणि त्यात आमचं कासव, आता पाटीएवढं मोठं, पाय हलवत होतं.

अण्णा खाली उतरले. दिवसभर एकेका दगडाला हात लावत फिरले. वर आले तेव्हा त्यांच्या हातात कासव होतं. आई टँकरच्या पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. त्यांनी तो घेतला नाही. म्हणाले, "समदा दगूड कोमट हाय." मग ते कासव छातीशी धरून दोन शेतं ओलांडून गेले आणि चेअरमनांच्या विहिरीत सोडून आले. "पानी गेलं तिकडं ह्यालाबी जाऊ द्या."

सोसायटीच्या सभेत ते कधी बोलले नव्हते. त्या वर्षी उठून उभे राहिले. आबांनी मला नंतर सांगितलं, सगळी सभा पुढं वाकून ऐकत होती. अण्णा म्हणाले, "ते पानी बौद्धवाड्याचं हाय. म्या फोडलंय, मला ठावं हाय. त्यांना द्या."

चेअरमन हसले. "पान्यावर काय नाव लिवलंय का, अण्णा?"

"मोठ्यांदा बोला, मला ऐकू येत न्हाय."

चेअरमन पुन्हा म्हणाले नाहीत. दुसऱ्यांदा तेच मोठ्यानं म्हणणं त्यांनाही जमलं नसावं. रोज तासभर वाड्याला पाइपानं पाणी द्यायचं ठरलं. एक उन्हाळा ते आलं. दुसऱ्या उन्हाळ्यात ऊस वाळायला लागला आणि पाइप बंद झाला. त्याच्या पुढच्या वर्षी चेअरमनांचीही विहीर कोरडी पडली. कासवाचं काय झालं, कुणालाच माहीत नाही. मग बोअरच्या गाड्या आल्या. त्यांना दगडावर हात ठेवणारा माणूस लागत नव्हता.

अण्णांनी त्यानंतर सुरुंग लावला नाही. आपण खणलेल्या विहिरी बघत गावोगाव हिंडायचे, अणदूरपर्यंत, पायी. लोकांना त्यांची भीती वाटू लागली; अण्णा येऊन वाकून गेले की विहीर आटते, अशी बोलवा उठली. काही ठिकाणी पोरांनी दगड मारले. आबा त्यांना शोधून घरी आणायचे. जेवताना ते मधेच थांबायचे आणि मान कलती करायचे. ज्या कानांना ढग गडगडलेला कळत नव्हता, ते कान म्हणे पाणी उतरताना ऐकत होते. "येकसारखं चाललंय बगा," ते म्हणायचे, "कुनाला कसं ऐकू येईना?"

मी त्यांना शेवटचं भेटले ते मुलानं सोलापूरला न्यायच्या आदल्या दिवशी. अंथरुणावर बसले होते. मी पाया पडले. त्यांनी विचारलं, "बाई, शाळेत पोरास्नी पान्याचं काय शिकिवता?"

मी कानाशी जाऊन सांगितलं, पाऊस पडतो, जमिनीत मुरतो, विहिरीत येतो, वाफ होऊन पुन्हा ढगात जातो.

"परत येतं म्हनं?"

"हो, अण्णा. पुस्तकात तसंच आहे."

त्यांनी माझ्या हातावर थोपटलं, लहान पोराची समजूत काढावी तसं. पंधरा दिवसांनी ते गेल्याचं पत्र आलं.

त्या वर्षी पाण्याचा तो धडा आला तेव्हा मला फळ्यावर चित्र काढवेना. मी चौथीच्या वर्गाला घेऊन शाळेमागच्या ओढ्यात गेले. तिथं पूर्वी डोह होता. म्हशी डुंबायच्या, बाया कपडे धुवायच्या. आता नुसती वाळू. मुलं वाळूत पांगली आणि थोड्या वेळानं ओंजळी भरून आली. गोगलगाईंची, शिंपल्यांची पांढरीफटक कवचं होती, शेकड्यांनी.

"बाई, हे समुद्रातनं आलंय का?" एका मुलीनं विचारलं.

"नाही," मी म्हणाले. "इथलंच आहे."

ती हसली. बाकीचीही हसली. माझ्यावर कुणाचाच विश्वास बसला नाही.