झेंड्याचं दुसरं टोक

मी गाव सोडलं तो दिवस पंधरा ऑगस्टचा होता. बस साडेपाचची होती आणि झेंडा अजून वर होता. मौद्याच्या पलीकडच्या आमच्या गावात जिल्हा परिषदेची चार खोल्यांची शाळा आहे, बाबा तिथे शिपाई होते. पत्र्याची पेटी घेऊन मी शाळेत गेलो तेव्हा ते खांबाजवळ स्टुलावर बसले होते. मी पाया पडलो. ते म्हणाले, "जा गा. झेंडा वर हाये, मले येता येत नाही. पोहोचला की चिठ्ठी टाकजो." आई थांब्यापर्यंत आली आणि रडली. बाबा आले नाहीत.

शाळेपासून थांबा चारशे दहा पावलांवर होता. जाऊन यायला दहा मिनिटं पुरली असती. सूर्यास्ताला सव्वा तास बाकी होता. हा हिशेब मी बसमध्ये बसल्याबसल्या केला आणि पुढची एकतीस वर्षं तो माझ्याजवळ तसाच राहिला. भांडण कधी झालं नाही. पण बाबांचा विषय निघाला की मला ते आकडे आधी आठवत.

जे गावातच राहिले, त्यांना वाटतं आम्ही फार लांब गेलो. गावापासून नागपूर तेव्हाही पन्नास किलोमीटर होतं, आजही तेवढंच आहे. तेव्हा अडीच तास लागत, आता सव्वा तास लागतो. तरी तेव्हा मी गावी जास्त वेळा जात होतो. आधी तिथल्या नंदनवन भागात एका खोलीत तिघं राहिलो. आता प्रताप नगरात तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट आहे, लिफ्ट आहे, सोसायटीचा ग्रुप आहे. त्या ग्रुपवर यंदा जुलैमध्ये मेसेज आला की झेंडावंदनाआधी लहान मुलांना झेंड्याचे नियम कोणी तरी शिकवावेत. बाकीच्यांनी अंगठे पाठवले. मी हो म्हटलं.

पाच ते नऊ वर्षांची अकरा मुलं आली. मी बाबांसारखंच शिकवलं. खरा झेंडा सरावाला घ्यायचा नाही, म्हणून आधी टॉवेल, मग चादर. लांबी तीन तर रुंदी दोन. केशरी वर. फाटलेला, मळलेला लावायचा नाही. जमिनीला, पाण्याला लागू द्यायचा नाही. चढवताना झपाझप, उतरवताना सावकाश. घरावरचा झेंडा आता रात्रीही ठेवता येतो, हेही पहिल्याच दिवशी सांगितलं, कारण अर्धा नियम शिकवायचा नसतो. पण आपण तो सूर्य मावळताना उतरवू, असं मुलांनीच हात वर करून ठरवलं. नऊ विरुद्ध दोन.

घडीला सगळ्यात जास्त वेळ गेला. चादर आडवी ताणून धरायची. वरचा आणि खालचा पट्टा मधल्याच्या खाली, मग दोन्ही बाजू अशा आत घ्यायच्या की वर चक्र दिसावं आणि केशरी-हिरव्याची थोडी पट्टी. जमिनीला लागू द्यायचं नाही म्हणजे दोन माणसं लागतातच. मी सांगितलं, "मी सहा वर्षांचा असल्यापासून एक टोक माझे बाबा धरायचे, दुसरं मी."

अवनी आठ वर्षांची आहे, दुसऱ्या मजल्यावर राहते. ती चादरीचं टोक धरून म्हणाली, "काका, मग तुम्ही नागपूरला आले, तेव्हा दुसरं टोक कोणी पकडलं?"

शेजारची रिद्धी म्हणाली, "काकांना नाही माहीत."

मला खरंच माहीत नव्हतं. पावलं मोजली होती, मिनिटं मोजली होती. हे मोजायचं राहिलं होतं. आई शाळेत कधी जात नसे, मी एकुलता आणि गुरुजी झेंडावंदन आटोपून मौद्याला आपल्या घरी जात.

त्या रविवारी बाबांना फोन केला. ते ब्याऐंशी वर्षांचे आहेत, आईसोबत गावातच राहतात. मी सरळ विचारलं.

"कोणी नाही," ते म्हणाले. "एक टोक खिडकीच्या गजाले बांधलं, एक मी धरलं. काहून?"

"पोरांना शिकवून राहिलो. आणि नंतर?"

"नंतर बी तसंच. सवय झाली."

वर्षातून तीन झेंडावंदनं, त्यानंतर निवृत्त होईपर्यंत नऊ वर्षं. सत्तावीस घड्या, खिडकीच्या गजासोबत. मी आकडा त्यांना सांगितला नाही. एवढंच विचारलं की त्या दिवशी सव्वा तास हातात होता, मग थांब्यावर का आले नाहीत.

"तिथं तुही माय रडून राहिली होती. मीही आलो असतो अन् दोघं रडलो असतो, तं तू मोटारीत बसला असता का? शाळेच्या खिडकीतून रस्ता दिसते. मोटार जाताना पाहिली ना मी."

माझी मुलगी सायली हिला पुण्यात नोकरी लागली आहे. तिच्या गाडीचं तिकीट मिळालं ते नेमकं पंधरा ऑगस्टचं, संध्याकाळी सहा चाळीसचं. साडेपाचला घर सोडायला हवं होतं आणि सूर्यास्त पावणेसातच्या सुमाराला. झेंडा रात्रभर ठेवला असता तरी नियम मोडत नव्हता. पण अकरा मुलांना मीच सांगितलं होतं. दुपारभर मी दोन्ही बाजूंनी विचार केला. बायको म्हणाली, "पोरगी जाऊन राहिली अन् तुम्ही घड्याळ पाहून राहिले. काय ते एकदा ठरवा."

पाच वाजता मी अवनी आणि रिद्धीला बोलावलं आणि आज तुम्ही दोघींनी उतरवायचा, असं सांगितलं. दोरी सोडायला अवनीची आई उभी राहणार होती.

"तुम्ही नाही थांबणार?" अवनीने विचारलं.

"मी ताईला पोहोचवायला चाललो."

"मग जा ना. उशीर होईल," रिद्धी म्हणाली.

गाडी पाच मिनिटं उशिरा सुटली. सायली दारात उभी राहून हात हलवत होती. डबा वळणाआड जाईपर्यंत मी फलाटावर चालत गेलो. पावलं मोजली नाहीत. तेवढ्यात बाबांचा फोन आला.

"झेंडा उतरला का?"

"उतरला असेल. दोन पोरींना सांगून आलो."

"अन् तू कुठं हायेस?"

"स्टेशनवर. सायलीची गाडी आत्ता सुटली."

ते म्हणाले, "बरं केलं."

मला कोणी गाव विचारलं तर मी अजून मौद्याकडचंच नाव सांगतो. घर विचारलं तर पूर्वी थोडा थांबायचो. त्या संध्याकाळी रिक्षावाल्याला न थांबता प्रताप नगर म्हटलं.

घरी आलो तेव्हा झेंडा सोसायटीच्या कपाटात ठेवलेला होता. घडी एका बाजूने अर्धा इंच चुकली होती. मी कपाट लावून घेतलं. घडी तशीच राहू दिली.