उणे दोनची हजेरी

वर्गमूळाचं चिन्ह दिसलं की मी अजून पान उलटते. धावायला सांगा, चिखलात लोळायला सांगा, करीन. पण त्या छपराखाली x येऊन बसला की माझी गाळणच उडायची. सैन्यभरतीची ती माझी आणि माझ्या खोलीतल्या मैत्रिणीची शेवटची संधी. पुढच्या वर्षी दोघीही वयात बसणार नव्हतो. हुकलं तर शिरवळच्या कंपनीत पॅकिंगला जायचं, हे दोघींच्या घरी ठरलेलंच होतं.

कोरेगावच्या अकॅडमीत पहाटे गिनती व्हायची. जिनं तिनं आपला नंबर ओरडायचा. एकदा मी तापानं फणफणले होते, तर या बयेनं आवाज बदलून माझाही नंबर ठोकला. गिनती पुरी भरली! पण आमचे सर रिटायर्ड सुभेदार, गणितही तेच शिकवायचे. त्यांनी एकेकीला पुढं उभं केलं आणि चोरी उघडी पडली. तिला मैदानाच्या फेऱ्या मारायला लावून म्हणाले, "आकडा आला म्हंजी माणूस आला न्हाई. उभा करून बघायचा. गणितात बी त्येच."

लेखी परीक्षा सांगलीत. स्क्रीनवर नेमकं तेच आलं: √(x + 6) = x. चुकलं तर मार्क कापणार होते. दोन्ही बाजूंचा वर्ग केला, अवयव पाडले, उत्तरं आली दोन: तीन आणि उणे दोन. पर्यायांतही "३ आणि −२" आयतं मांडलेलं. बोट तिकडंच निघालं होतं, देवाशप्पथ! तेवढ्यात सर आठवले. तीन उभा केला: नवाचं मूळ तीन, जमलं. उणे दोन उभा केला: चाराचं मूळ दोन, आणि पलीकडं उणे दोन. म्हणजे हा मेला नुसता ओरडून गेलेला! मी "फक्त ३" दाबलं.

परतीच्या एसटीत मैत्रीण खुशीत होती. "मुळाचं गणित लय सोपं हुतं गं. तीन आन् उणे दोन. तुझं बी त्येच न्हवं?"

फेऱ्या मारल्या तिनं, आणि शिकले मी. एकेका मार्कानं घरी परतलेल्या पोरी मी पाहिल्या होत्या. ती माझ्या तोंडाकडं बघत होती.

"व्हय," मी म्हणाले. "त्येच."

तिनं माझा हात घट्ट धरला. "मग दोघी बी जातोय बघ!"

कोरेगाव येईपर्यंत तो हात सोडवायचं धाडस मला झालं नाही.