उतरंडीच्या देशातली घुमरी

दिवाळीनंतर दादा आणि वहिनी ऊसतोडीला गेले की त्यांच्या दोन्ही पोरी माझ्याकडं असतात. मी सिरसाळ्याजवळच्या आमच्या गावात माहेरीच राहते, ब्लाऊज शिवते. आईवडील आता नाहीत. त्यामुळं ऊस संपेपर्यंत घरात आम्ही तिघीच. त्या वर्षी थोरली तिसरीत होती, धाकटी अंगणवाडीत.

धाकटीनं रोज एकच विषय लावला होता, आई का येईना. कारखाना, हंगाम असलं सांगून उपयोग नव्हता. मग शिलाई मशीनवर बसल्या बसल्या मी एक देश रचला. तिथं मडक्यावर मडकं अशी आभाळापर्यंत गेलेली उतरंड होती आणि एकेका मडक्यात एकेक गाव. खालच्या मडक्यात म्हाताऱ्या, मधल्यात म्हशी, अगदी वरच्या लोटक्यात लेकरं.

या देशात भीती एकच, घुमरीची. ती वावटळीसारखी गरगरत यायची, पण धुळीऐवजी वेळ उडवून न्यायची. तिच्यात सापडलेल्या माणसाला वाटायचं, आपण नुसती पापणी मिटून उघडली. बाहेर येऊन बघावं तर वासराची गाय झालेली, चिंचेचं रोप घरापेक्षा उंच गेलेलं. एका माणसाचा नुसता हात घुमरीत अडकला. तो सुटेपर्यंत माणूस म्हातारा झाला आणि हात मात्र पोराचाच राहिला. मग तो हात त्याचं ऐकेना, सारखा विटीदांडू मागायचा. इथं धाकटी खदखदून हसायची.

एका संध्याकाळी मी सांगून टाकलं की तुमची आई घुमरीत आहे, तिला वाटतंय आपण आत्ताच घरातून निघालो. धाकटीचं समाधान झालं. थोरलीही तिथंच बसून ऐकत होती.

थोड्या दिवसांनी थोरलीचं जेवण कमी झालेलं माझ्या लक्षात आलं. आधी अर्धी भाकरी, मग चतकोर. शाळेतली खिचडीसुद्धा ती मैत्रिणीला देऊन टाकते, असं शेजारणीनं सांगितलं. ताप नव्हता, पोट दुखत नव्हतं. मी फ्रॉकसाठी तिचं माप घ्यायला लागले, तर ती गुडघे वाकवून उभी राहिली. नीट उभी राहा म्हटल्यावर रडायलाच लागली.

"आईला वाटंल, आत्ताच तर गेलते," ती म्हणाली. "अन् मी एवढी मोठी झाल्याली. ती मला वळखनारच न्हाई."

मी तिला जवळ घेतलं. घुमरी खोटी आहे, मीच रचलेली आहे, असं परोपरीनं सांगितलं. ते काही तिला पटलं नाही.

दिवसभर ऊस तोडून, मोळ्या वाहून वहिनी कोपीवर, फडाजवळच्या पाचटाच्या झोपडीत, परतली की व्हिडिओ कॉल करायची. त्या दिवशी मी फोन घेऊन अंगणात गेले आणि तिला सगळं सांगितलं. वाटलं होतं, ती चिडेल. पण ती उतरंडीचीच चौकशी करत राहिली. मडकी केवढी आहेत, घुमरीत अंधार असतो का, भूक लागते का. मग म्हणाली, थोरलीला द्या.

"आत्या बाहेर राहती, तिला अर्धंच म्हाईत," वहिनी पोरीला म्हणाली. "मी आत हाय, मला इचार. आतल्या मानसाला ताकद बाहेरच्या लेकराकडून येती. तू जेवंना म्हणून आज माझी मोळी दोनदा पडली."

थोरलीनं फोन तोंडाजवळ धरला. मग हळूच विचारलं, "मी मोठी झाले तर?"

"खांद्याला लागलीस तरी वळखीन. तुझ्या कपाळावर उंबऱ्याची खोक हाय. तिला मीच हळद लावलीती."

पोरीनं फोन माझ्या हातात दिला, आत गेली आणि टोपल्यातली भाकरी स्वतःच घेतली.

त्यानंतर रोज मोळीची विचारपूस सुरू झाली. एकदा वहिनीच्या तोंडून गेलं की आज ऊस जरा जड होता, तर हिनं जास्तीची भाकरी खाल्ली आणि पोट धरून बसली. तेव्हापासून वहिनी सगळा ऊस हलकाच सांगायला लागली.

गुढीपाडवा झाल्यावर ऊसतोड्यांच्या टोळीचा ट्रॅक्टर गावात शिरला. थोरली पळत गेली. धाकटी मात्र माझ्यामागं लपली. वहिनीनं तिला ओढलं नाही. ती ओसरीवर बसली, डोक्याचं फडकं सोडलं आणि सहज विचारलं की वरच्या लोटक्यात सध्या कोण राहतंय. धाकटीनं माझ्या पदराआडून उत्तर दिलं. ते चुकलं म्हणून थोरलीनं दुरुस्त केलं, त्यावरून दोघींचं भांडण लागलं, आणि आपलंच खरं करता करता धाकटी आईच्या मांडीवर कधी जाऊन बसली ते तिलाही कळलं नाही. दादा बोचकं हातात धरून मला विचारत होता, ही उतरंड कुणाच्या घरची.

जेवणं झाल्यावर भांडी घासताना वहिनी म्हणाली, "वन्सं, तुमच्या त्या देशात बाया झोपत्यात का कधी?"

मी आठवून पाहिलं. माझ्या कुठल्याच मडक्यात कुणी बाई झोपलेली नव्हती.

"मंग एक मडकं वाढवा," ती म्हणाली. "दुपारपतुर कुनी उठवायचंच न्हाई, असं."

दुसऱ्या दिवशी ऊन अंगणभर पसरलं तरी ती आतल्या खोलीत गाढ झोपली होती. गल्लीतल्या बायका भेटायला येत होत्या. दोघी पोरी उंबऱ्यात ठाण मांडून प्रत्येकीला सांगत होत्या की आई मडक्यात हाय, मागून या. बायका बुचकळ्यात पडून परत जात होत्या. शेजारीण तेवढी मागच्या दारानं आत आली, पोरींना झालंय तरी काय म्हणून विचारायला. मी तिला चहा दिला आणि फुरके न मारता प्यायला सांगितलं.