गारगोट्यांवरचा मैलाचा दगड

सोमवार, १४ मार्च १९५५. मोजणीसाठी मी भरलेली रक्कम साडेबावीस रुपये. हजर होते तहसिलीतून आलेले मोजणीदार, गावचे पटवारी, कोतवाल, माझ्या उत्तरेकडचा शेजारी आणि मी. शेजाऱ्याची म्हातारी आईही आली होती. तिला कोणी बोलावलं नव्हतं. ती रस्त्याकडेच्या मोहाखाली येऊन बसली.

भांडण एका दगडाचं होतं. माझ्या आजोबांच्या खरेदीखतात लिहिलं होतं, ‘मैलाच्या दगडापासून उत्तरेस चाळीस हातांवर धुरा.’ धुऱ्याच्या, म्हणजे बांधाच्या, दक्षिणेची धानाची बांधी माझी, उत्तरेची शेजाऱ्याची. तीन वर्षांपूर्वी रस्ता रुंद केला, तेव्हा मजुरांनी भरावासाठी धुऱ्याची मातीसुद्धा उचलली आणि जुना दगड उपटून नेला. धुरा मी पुन्हा घातला. जुना दगड जिथे होता असं मला आठवत होतं तिथे खुंटी ठोकली आणि तिथून चाळीस हात मोजले. पुढे सरकारचा नवा दगड आला. तो माझ्या खुंटीच्या दक्षिणेला बावीस हातांवर रोवला गेला.

शेजारी म्हणू लागला, चाळीस हात नव्या दगडापासून मोजा. म्हणजे धुरा बावीस हात माझ्या बांधीत येणार. जमीन गेली असती तर गेली असती, पण बोडीचं, म्हणजे वरच्या लहान तलावाचं, पाणी माझ्या शेतात येतं ते तोंड धुऱ्यापासून दहाच हातांवर होतं. ते त्याच्याकडे गेलं की आश्विनात, धानात दाणा भरायच्या वेळी, पाण्यासाठी मला त्याच्या दारात उभं राहावं लागलं असतं. आणि आमचं बोलणं तर दिवाळीपासून बंद होतं.

मोजणीदारांनी मागच्या मैलापासून साखळी टाकत आणली होती. त्यांनी नव्या दगडावर हात ठेवला. “मैल बरोबर इथेच भरतो. एका कडीचाही फरक नाही.”

“आयकलं काय, भाऊ?” शेजारी म्हणाला. “सरकारची साखळी खोटी अन तुमची आठवण खरी, असं हाय काय?”

मी आकड्यांवर भरवसा ठेवणारा माणूस, आणि आकडा त्याच्या बाजूने उभा होता. मी एवढंच म्हणालो की खतात दगड लिहिला आहे, मैल लिहिलेला नाही.

“दगड मैलावरच राहते न! तुमच्यासाठी का तुमची बांधी पाहून बसवला होता?”

पटवारी हसले. मोजणीदार कागद काढू लागले. तेवढ्यात मोहाखालून म्हातारी म्हणाली, “तो दगड मैलावर नोता.”

“माय, तू कायले बोलून राह्यली?”

“मले दिसते म्हून बोलतो. हा रस्ता नोता तवाची पायवाट हाय हे, नागऱ्याच्या महादेवाची. शिवरात्रीले जाणारा माणूस नाल्यातली पांढरी गारगोटी आणे अन इथं टाके. मीही टाकली. ढिगाले शेंदूर होता, तोच आमचा देव. तुया आज्यानं सांगतलं होतं, साहेब लोकायनं दगड आणला तवा गावानं ढीग हालवू देल्ला नाही. मंग त्यायनं दगड ढिगातच गाडला. मैल गेला तिकडं.”

मोजणीदारांनी लेखणी थांबवली. “मग खाली गारगोट्या सापडायला पाहिजेत.”

कोतवालाने आधी नव्या दगडाशेजारी लोखंडी सब्बल मारली. मुरूम, त्याखाली काळी माती. नंतर तो माझ्या खुंटीकडे आला. वीतभर खणलं, हातभर खणलं. मातीच. एकही गारगोटी नाही.

“खणा, अजून खणा,” शेजारी म्हणाला. “भाऊले पाणीच पायजे न, आता विहीरच लागन!”

म्हातारी उठली. मोहाच्या खोडाला पाठ लावून रस्त्याकडे तोंड केलं आणि नाकासमोर चालत आली. माझ्या खुंटीच्या दक्षिणेला ती थांबली आणि पायाने माती उकरली. “इथं. मोहाले पाठ टेकली का देव समोर दिसे.”

कोतवालाने तिथे सब्बल मारली. तिसऱ्याच घावाला खळ्ळ आवाज झाला. मुरमाखाली पांढऱ्या गारगोट्यांचा थर निघाला, काहींवर शेंदराचा डाग अजून होता. मोजणीदार खाली वाकले, एक उचलून बघितली, आणि टेप मागितला. माझ्या खुंटीपासून तीन हात.

शेजारी आईकडे बघत राहिला. “तू कोनाची माय हायस वो?”

“तुयीच हावो. म्हून तर देवावर खोटी सही करू देल्ली नाही.”

त्याने पंचनाम्यावर सही केली, मीही केली. धुरा तीन हात दक्षिणेला सरकला. पाण्याचं तोंड माझ्याकडेच राहिलं, धुऱ्यापासून सात हातांवर.

घरी आल्यावर पाटी घेऊन बसलो. तीन हात म्हणजे माझीच आठवण चुकली होती, आणि चुकली तीही माझ्या फायद्याच्या बाजूने. त्या पट्टीतलं धान मी तीन हंगाम कापून नेलं होतं. हिशेब अकरा पायल्यांचा निघाला. बायको म्हणाली, “त्यानं मागितलं काय?” मी म्हणालो, मागितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी पोतं घेऊन गेलो. शेजारी ओसरीवर होता. मी कारण सांगितलं. तो आत जाऊन स्वतःची पायली घेऊन आला.

“मोजून घेतो, भाऊ. तुमच्या आठवणीचा काई भरवसा नाही.”

दिवाळीनंतर तो मला पहिल्यांदाच भाऊ म्हणाला ते आदल्या दिवशी, टोमण्यात. आज त्यात टोमणा कमी होता. साडेबावीस रुपये मोजणीचे, ते माझ्याकडूनच गेले. कोतवालाला खणण्याचे बारा आणे. आणि शेजाऱ्याला अकरा पायल्या धान, त्याच्या मापाने.